मारी आणि यमुना यांच्यामधली रेघ

फ्रेंच लोकांशी आमच्या घराण्याचं कसलंही वैर नव्हतं. पोशेऱ्याच्या आमच्या खाचरावर त्यांनी कधी हक्क सांगितला नव्हता, आणि आम्हीही कधी त्यांच्या वाटेला गेलो नव्हतो. तरीसुद्धा त्यांच्यातल्या एका बाईच्या नावानं गेल्या पावसाळ्यात आमच्या घरात शिरून मला माझ्याच घरात एकटं पाडलं!

मी जव्हारला शाळेत मराठी शिकवायचो. आता निवृत्त आहे. माझी बायको यमुना त्या पावसाळ्याच्या आदल्या वर्षी, भातकापणीच्या दिवसांत गेली. मी हळू बोलणारा, हळू लिहिणारा, पुस्तकात राहणारा माणूस. पण जेवायला बसलो की काहीतरी माहिती सांगायची माझी जुनी खोड. अमुक शब्द कुठून आला, तमुक गावाचं नाव कसं पडलं. यमुना सगळं ऐकून घ्यायची आणि शेवटी म्हणायची, "झालं? आता जेवा." ती गेल्यावर माहिती पोटातच राहू लागली आणि भात ताटात निवू लागला. "झालं?" असं विचारणारं कुणी नव्हतं, त्यामुळे माझं काही होतही नव्हतं.

सुनेला, वनिताला, दिवस गेले तेव्हा मी एकच गोष्ट मागितली. मुलगा झाला तर वाटेल ते नाव ठेवा, मुलगी झाली तर यमुना. माझा मुलगा कैलास (ठाण्याला कंपनीत आहे, आणि जगात कुणालाच नाही म्हणत नाही) म्हणाला, "हो बाबा." वनिता काहीच बोलली नाही. मी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

वनिता बाळंतपणासाठी खोडाळ्याला माहेरी होती. दुखायला लागलं तशी तिची आई तिला जीपमध्ये घालून मोखाड्याच्या दवाखान्याकडे निघाली. जीपमध्ये एक परदेशी बाई आधीच बसली होती. साठीची, फ्रान्सची, आमच्या रानातल्या झाडपाल्याची चित्रं काढत फिरणारी. वाटेत रस्त्यावर झाड आडवं पडलेलं. पुरुषमंडळी ते हटवायला उतरली. आणि माझी नात झाड हटण्याची वाट न बघता जीपमध्येच जन्माला आली!

मी दवाखान्यात पोचलो तेव्हा माय-लेकी सुखरूप होत्या.

"बाबा, नाव ठरलं," वनिता म्हणाली.

"ठरलेलंच आहे. यमुना."

"मारी-लॉर."

मी मागे वळून पाहिलं. म्हटलं, दुसऱ्या कुणाशी बोलत असेल. मागे सलाइनचा स्टँड होता.

"हे कुणाचं नाव?"

"जीपमधल्या बाईचं."

"तिनं केलं काय एवढं? बाळ कुणी झेललं?"

"आईनं."

"मग आईचं नाव ठेव! रखमा! मला चालेल!" (चाललं नसतं.)

विहीणबाई हात जोडून म्हणाल्या, "माना मधी घेव नका, व्याहीबुवा. मी आपली बाळ झेलला. ती बाय तर माझे पोरीपेक्षा मोठ्यानं रडत होती."

"ऐकलंस? ती नुसती रडत होती!"

"हात धरून रडत होती," वनिता म्हणाली. "मला वाटलं, आता मी मरते. तेव्हा तिनं स्वतःच्या छातीवर हात ठेवून नाव सांगितलं आणि म्हणायला लावलं. श्वास आत घेताना मारी, सोडताना लॉऽऽर. कळ आली की मारी... लॉऽऽर. त्याच नावावर मी पार पडले, बाबा. ते नाव सोडून दुसरं कसं ठेवू?"

मी कैलासकडे पाहिलं. तो म्हणाला, "हो." कुणाला म्हणाला, ते आजपर्यंत कळलेलं नाही.

मी चिडलो. मोठ्यानं चिडणं मला जमत नाही. मी चिडलो की वाचनालयात जातो. ठरवलं, की या नावाचा अर्थ आणि इतिहास मुळापासून खणून काढायचा आणि बारशाला सगळ्यांसमोर त्या नावाची अशी शकलं करायची, की वनितानंच म्हणावं, बाबा, यमुनाच बरी.

आणि काय सांगू, नाव पहिल्या फटक्यातच कोसळलं! मारी हे मूळचं मिर्याम. ज्यू लोकांच्या जुन्या भाषेतलं. त्याच्या अर्थावर विद्वानांचं अजून एकमत नाही, पण एक अर्थ सापडला : कडू! (लाडकी, मागून घेतलेली, समुद्राचा थेंब, असेही अर्थ दिले होते. ते मी विस्तारभयास्तव वगळले.) लॉर हे लॅटिनमधल्या एका झाडाच्या नावावरून आलेलं, आणि ते झाड आपल्या तमालपत्राच्या कुळातलं. (त्या पानांचा मुकुट जिंकून आलेल्या वीराच्या डोक्यावर घालत. तेही वगळलं.) म्हणजे सगळं मिळून झालं, कडू तमालपत्र! हे मुलीचं नाव आहे की सर्दीचा काढा?

पण दोन नावं जोडायचीच कशाला? त्याचाही शोध लावला. मारी हे त्यांच्या देवाच्या आईचं नाव, म्हणून एके काळी तिकडे जिकडेतिकडे मारीच मारी. आजी मारी, आई मारी, मावश्या मारी. (पुरुषांच्या नावालासुद्धा मारी जोडत! यावर मी काही बोलत नाही.) विहिरीवर एक हाक मारली की सगळ्या घागरी खाली ठेवून वळणार. म्हणून ओळख पटायला मारीच्या मागे दुसरं नाव लावू लागले. कुणी आजीचं लावलं, कुणी धर्ममातेचं, म्हणजे नामकरणाला पोराची जबाबदारी घेणाऱ्या बाईचं. आणि दोहोंच्या मध्ये एक आडवी रेघ. एवढाच या नावाचा थोरपणा!

पाठिंबा मिळवावा म्हणून मी आधी इस्माईलभाईंकडे गेलो. आमच्या गल्लीत त्यांचं शिवणकामाचं दुकान आहे. बाळाचं झबलं त्यांच्याकडेच टाकलं होतं. त्यांना सगळा इतिहास सांगितला. ते सुई थांबवून ऐकत राहिले.

"मिर्याम? गुरुजी, म्हणजे मरियम! अहो, माझ्या दादीचं नाव! आमच्या घरात आत्ता तीन मरियम आहेत."

"तेच म्हणतोय मी! हाक मारली की तिघी वळत असतील!"

"वळतात ना. एकीला बोलावलं की तिघी कामाला येतात, बरकत आहे." त्यांनी झबलं उचलून उजेडात धरलं. "आता याला गोट सोनेरी लावतो. आपल्याच घरची पोरगी झाली. शिलाई नाही घेणार हां!"

एक समर्थक मिळवायला गेलो आणि विरोधी पक्षात एक वाढवून आलो. वर त्यांना बारशाचं आमंत्रणही द्यावं लागलं.

बारसं पोशेऱ्याला, माझ्या थोरल्या बहिणीच्या, भीमाक्काच्या घरी. आमच्या घरातली रीत अशी, की मुलाचं नाव आईबापानं ठेवलं तरी गेलेल्यांपैकी कोण परत आलंय ते आधी बघतात. काशाच्या ताटलीत पाणी घ्यायचं, एक तांदळाचा दाणा बाळाचा म्हणून सोडायचा, दुसरा गेलेल्या माणसाचं नाव घेऊन. दोन्ही तरंगत येऊन चिकटले, की ते माणूस परत आलं. मी शिकलेला माणूस. माझा यावर विश्वास नाही. (यमुनेचं नाव पहिलं घ्यायचं, हे मी आक्काला आदल्या आठवड्यात दोनदा सांगून ठेवलं होतं.)

दाण्यांच्या आधी मी उभा राहिलो. घर भरलेलं. इस्माईलभाई सोनेरी गोटाचं झबलं घेऊन पहिल्याच रांगेत. मी घसा साफ केला, मिर्यामपासून सुरुवात केली, विहिरीवरच्या घागरी सांगितल्या, रेघ हवेत काढून दाखवली. मग आवाज चढवून शेवटचा घाव घातला.

"आणि अशा या नावाचा अर्थ काय? तर कडू! आपल्या पोटच्या पोरीला कुणी कडू म्हणेल काय?"

मी मनातल्या मनात वनिताची कीव केली.

भीमाक्का सावकाश म्हणाली, "अरे रघ्या, आपली आजी कोण होती?"

मी उभाच होतो. वर उचललेलं बोट मात्र खाली आलं.

आमच्या आजीचं नाव होतं कडूबाय! तिच्या आधीची भावंडं जगली नाहीत. या डोंगरात पोर जगवणं कधीच सोपं नव्हतं. म्हणून तिच्या आईबापानं हिला कुणी नेऊ नये, हिच्याकडे वाईट नजर वळलीच तर तोंड वाकडं करून परत जावी, म्हणून तिचं नाव कडू ठेवलं. आणि कडूबाय अशी जगली, अशी जगली, की तिला तपासायला येणारे भगतसुद्धा एकेक करून तिच्याआधी गेले. तिच्या मांडीवर मी वाढलो होतो. आणि फ्रेंच, लॅटिन नि ज्यू लोकांचा इतिहास पालथा घालणाऱ्या मला घरची आजी आठवली नव्हती!

"म्हंजे त्या गोऱ्या लोकांतपन पोरी जगत नसतील," आक्का कळवळून म्हणाली. "बिचारी. म्हनून कडू ठेवतात. शानी मानसा हायेत. आन मागं काय म्हनलास? पाला?"

"तमालपत्र," मी पुटपुटलो.

"औषदाचा पाला! बघ, कडू आन औषदी. यापरीस चांगला नाव कुठं भेटंल?"

घर खूश! इस्माईलभाईंनी टाळी वाजवली. विहीणबाईंनी डोळे पुसले. माझ्या भाषणाला उभ्या आयुष्यात एवढी दाद मिळाली नव्हती. फक्त ती उलट्या बाजूनं मिळाली.

मी म्हटलं, "दाणे! आधी दाणे बघा!"

आक्कानं ताटली पुढे ओढली. बाळाचा दाणा सोडला. मग माझ्याकडे एकदा बघून म्हणाली, "यमुना." दुसरा दाणा सोडला. तो तरंगला, क्षणभर थांबला, आणि सरळ ताटलीच्या पार पलीकडच्या कडेला जाऊन बसला.

"वारा आला," मी म्हणालो.

दार लावलं. पुन्हा यमुना. पुन्हा पलीकडे.

"कैलास, हलू नकोस तू!"

"हो बाबा," म्हणत तो हलला.

शेवटी मीच ताटली मांडीवर घेतली आणि एकेक दाणा सोडू लागलो. यमुना. यमुना. यमुना! दाण्यामागून दाणे पलीकडच्या कडेला. मला संताप आला. दाण्यांचा नाही, यमुनेचा! उभ्या संसारात मी उजवीकडे चला म्हटलं की ही डावीकडे वळायची. आता मेल्यावर तरी माणसानं एकदा ऐकावं! एवढी माणसं जमलेली, दार लावलेलं, एक दाणा इकडे सरकायला काय जात होतं तिचं?

"दे इकडं," आक्का हळू आवाजात म्हणाली. तिनं पाणी बदललं, बाळाचा दाणा सोडला आणि दुसरा सोडताना म्हणाली, "कडूबाय."

दोन्ही दाणे असे धावत आले, जसे जत्रेत चुकलेले असावेत!

मी भिंतीला टेकून बसलो. तांदूळ गोळा करायच्या निमित्तानं मी ताटलीत बघत राहिलो, कारण मान वर केली असती तर लोकांना माझे डोळे दिसले असते.

तेवढ्यात वनिता बाळाला घेऊन माझ्यासमोर येऊन बसली.

"बाबा, ते लोक दुसरं नाव कुणाचं लावतात म्हणालात?"

"धर्ममातेचं."

"आणखी कुणाचं?"

"...आजीचं."

"मग पुढचं त्या बाईचं ठेवू. मागचं हिच्या आजीचं." तिनं डोळे मिटून श्वास आत घेतला, "मारी..." आणि सोडला, "यमुना." डोळे उघडून म्हणाली, "जमतंय. लॉरपेक्षा थोडं लांब आहे, पण पुढच्या खेपेला जरा दमानं घेईन."

कैलास म्हणाला, "हो." या वेळी मात्र तो बरोबर ठिकाणी म्हणाला.

त्या फ्रेंच बाईंना फोन करून कळवलं. तिकडून बराच वेळ नुसतं रडणं ऐकू येत होतं, म्हणजे पसंत पडलं असावं.

आता परिस्थिती अशी आहे : आक्का नातीला कडू म्हणते, इस्माईलभाई मरियम म्हणतात, विहीणबाई बाय म्हणतात, आणि ज्या मारीविरुद्ध मी घरादाराशी भांडलो तिच्यासह पूर्ण नाव रेघेसकट उच्चारणारा सबंध तालुक्यात मी एकटा आहे. रेघेच्या बाबतीत तर मी अजिबात ऐकून घेत नाही! ती नसली तर माझी यमुना वेगळी पडते ना!

मागच्या महिन्यात लस टोचायला जव्हारच्या दवाखान्यात गेलो होतो. बाळांच्या आयांची मोठी रांग. सिस्टरनी कागदावरून हाक मारली, "मारी... यमुना. दोघी बहिणी का? दुसरी कुठे आहे?"

"एकच आहे," मी पुढे होऊन म्हणालो. "नीट म्हणा. मध्ये आडवी रेघ आहे."

"आजोबा, रेघ कशी म्हणायची?"

प्रश्न अतिशय मार्मिक होता. इतका, की त्याला थोडक्यात उत्तर देणं मला अन्यायाचं वाटलं. मी चष्मा पुसला आणि मिर्यामपासून सुरुवात केली. विहिरीवर पोचलो तेव्हा मागची दोन बाळं रडू लागली होती. धर्ममातेपाशी आलो तेव्हा सगळी रांग रडत होती. सिस्टर सुई हातात धरून उभ्या. मी हवेत रेघ काढायला बोट उचललं, तेवढ्यात मागून वनिताचा आवाज आला.

"झालं? आता सरका."

मी वळून पाहिलं. तिच्या खांद्यावरून नात माझ्याकडे बघत होती, पण बोलली होती वनिता. यमुनेच्याच सुरात, त्याच कंटाळ्यानं. म्हणजे पोशेऱ्याला आम्ही ताटली भलत्याच माणसापुढे धरली होती!

मी सरकलो. बोट मात्र तसंच वर राहिलं होतं. सिस्टरनी तेच धरून मला बाकावर बसवलं. घरी आल्यावर बऱ्याच दिवसांनी गरम भात जेवलो, आणि जेवताना एक शब्द बोललो नाही. रेघेविषयी थोडं राहिलं आहे; पण विचारलंय कुणी?