गाडी बाईच्या नावावर

लग्न होऊन मी जानेफळहून धामणगाव बढ्याला आले, त्याच्या पुढच्याच वर्षी माझ्या सासूबाईंनी मोटार घेतली. सासरे वारलेले होते आणि शेती सगळी सासूबाईच पाहायच्या. आदल्या पावसाळ्यात त्यांच्या बहिणीला बैलगाडीतून बुलढाण्याच्या दवाखान्यात नेताना ती घाटाच्या पायथ्याशीच गेली. सासूबाई तिचं डोकं मांडीवर घेऊन बसल्या होत्या. काही दिवसांनी म्हणाल्या, "मोटार घ्या लागते."

खामगावच्या एका कापसाच्या जिनिंगवाल्याची जुनी मोटार शेडमध्ये पडून होती. तिचा नंबर कधीच रद्द झालेला. गावातले एक मुसलमान गृहस्थ त्या जिनिंगमध्ये पूर्वी ड्रायव्हर होते, आम्ही सगळे त्यांना चाचा म्हणायचो. त्यांनी ती दुरुस्त करून गावात आणली. तेव्हा कळलं की गाडी विकत घेणं हा खर्चाचा निम्माच भाग. नव्यानं नोंदणी करायची तर फी, टॅक्स, तपासणी. सासूबाई म्हणाल्या, "कापूस विकू, मंग नोंदवू." तोवर मोटार गोठ्यात बैलांशेजारी उभी राहिली.

माझे चुलतसासरे म्हणाले, "वैनी, जिनिंगवाल्याच्याच नावानं नोंदवू देजा. टॅक्स त्याच्या बोकांडी. आपून नुसती वापरू."

"गाडी आपली, तं टॅक्सबी आपला," सासूबाई म्हणाल्या. "उद्या तो म्हणन गाडी माही, मंग?"

कापूस अजून वेचायलाही आला नव्हता, तेवढ्यात एका सकाळी शेजारच्या कुणब्याची सून अडली. सुईणीनं हात टेकले. सासूबाईंनी चाचांना बोलावलं. ते दारातच थबकले.

"बाई, गाडीले नंबर नाही. घाटात पोलीस धरतीन, गाडी जप्त होईन."

"पोलिसाचं मी पाहून घेईन. तुमी गाडी काढा."

मागच्या सीटवर ती पोर, तिची सासू आणि मी. पुढे चाचांच्या शेजारी सासूबाई, डोक्यावरचा पदर घट्ट धरून. राजूरच्या घाटात इंजिन तापलं, पुढून वाफ निघायला लागली. सासूबाईंनी प्यायच्या पाण्याची घागर चाचांच्या हाती दिली आणि स्वतः वळणावर उभं राहून वरून येणाऱ्या बैलगाड्या हातानं थांबवल्या. गाडीवान त्यांच्याकडे बघतच राहिले. पोलीस कुठे भेटला नाही. दुपारच्या आत आम्ही दवाखान्यात पोचलो, आणि बाळ-बाळंतीण दोघंही वाचली.

मला वाटलं, आता घरी जायचं. सासूबाई म्हणाल्या, "आता मोटारीच्या कचेरीत."

"आत्याबाई, आज काऊन?" मी सासूबाईंना विचारलं. "कोणी पाह्यलं बी नाही."

"परत बी याच रस्त्यानं जायचं हाय ना? चोरावाणी काऊन जायचं?"

कचेरीतले साहेब जबलपूरकडचे, हिंदी बोलणारे. सासूबाई त्यांच्यापुढे उभ्या राहिल्या आणि जे झालं ते सरळ सांगितलं. बिननंबराची गाडी घाट चढवून आणली, काय दंड असेल तो घ्या आणि नंबर द्या. साहेबांनी दवाखान्यात शिपाई पाठवून खात्री केली. मग म्हणाले, "दंड रहने दीजिए, माताजी. लेकिन टॅक्स भरे बिना गाडी यहाँ से नहीं जाएगी."

"भरायलेच आली मी," सासूबाई म्हणाल्या.

साहेबांनी स्वतः बाहेर येऊन गाडी पाहिली, ब्रेक लावायला सांगितला, भोंगा वाजवायला सांगितला. इंजिनावरचा आकडा उतरवून घेतला. कारकुनानं लेखणी उचलली.

"मालकाचं नाव?"

सासूबाईंनी आपलं नाव सांगितलं.

"मुलाचं सांगा, बाई. बाईच्या नावावर मोटार या कचेरीत अजून लिहिली नाही."

"शेताचा सारा माह्या नावानं घेता का नाही तुमी? घेतानी कोणी इचारत नाही बाई का बुवा. मंग मोटारीले काऊन इचारता?"

साहेबांना वऱ्हाडी कितपत समजलं कोण जाणे, पण ते हसले आणि "लिखो" म्हणाले.

दवाखान्यासाठी पदराला बांधलेले पैसे तसेच होते, कारण सरकारी दवाखान्यानं काही घेतलं नव्हतं. पण वर्षाच्या टॅक्सला ते पुरेनात. सासूबाईंनी विचारलं, थोडा थोडा भरता येतो का? येत होता, तीन-तीन महिन्यांचा. फी आणि पहिली तिमाही भरली. बाजारातल्या रंगाऱ्यानं पत्र्यावर नंबर रंगवून दिला. रंग ओला होता म्हणून चाचांनी घाट उतरताना गाडी अगदी हळू चालवली. सासूबाईंना इतक्या खुशीत मी नंतरही फार वेळा पाहिलं नाही.

पुढे टॅक्स भरायला त्या दर वेळी स्वतः जायच्या. पावती घेताना विचारायच्या, "हे पैसे रस्त्याले लागतात ना? मंग आमच्या नाल्यावर पूल कधी बांधता?" कारकून बदलत गेले, प्रश्न तोच राहिला. पूल त्यांच्या हयातीत झाला नाही.

मग दुसऱ्या महायुद्धाची लढाई आली आणि पेट्रोल कुपनावर मिळायला लागलं. चुलतसासरे म्हणाले, "गाडी उभीच हाय. कागद परत करा, टॅक्स तरी वाचन."

सासूबाईंनी ऐकलं नाही. कुपनावर मिळालेल्या पेट्रोलचा एक डबा त्या धान्याच्या खोलीत कुलपात ठेवायच्या आणि टॅक्स वेळेवर भरायच्या. स्वतः लग्नाकार्याला बैलगाडीनं जायच्या. त्या वर्षांत मोटार फार थोड्या वेळा गोठ्याबाहेर निघाली. त्यातल्या एका खेपेला मागच्या सीटवर मी होते, माझी थोरली मुलगी व्हायच्या वेळी.