नसलेल्या जागेवरची टायपिस्ट

सरकारी कचेरीचं नाव निघालं की आजही माझं डोकं फिरतं. कारण माझी ताई.

आम्ही सक्करदऱ्याला राहायचो. सत्तर सालानंतरची गोष्ट. ताई टायपिंगची परीक्षा पास झाली, निवड यादीत नावही लागलं, पण कचेरीचं एकच पालुपद: जागा नाही. बरं, नाही तर नाही! पण टायपिंगचं काम तर ढिगानं पडलेलं. मग त्याच कचेरीच्या साहेबानं ताईला रोजंदारीवर बोलावलं आणि मशीनवर बसवलं. काम कायमचं, बाई तेवढी तात्पुरती. दर तीन महिन्यांनी तिला एक दिवस घरी बसवायचे, म्हणजे सलग नोकरी केली असं तिला कधी म्हणता येऊ नये. याला ते 'ब्रेक' म्हणत. काय डोकं लावलं होतं मेल्यांनी! तेवढं कामात लावलं असतं तर फायली तरी हलल्या असत्या.

अशी वर्षं गेली. भरतीची वयोमर्यादा जवळ आली, तेव्हा ताईनं हायकोर्टात केस टाकली: जागा आहे, मी तिथंच काम करते, मला कायम करा. आई घाबरली. "साहेबाशी कायले वाकडं घेतं वं?" म्हणाली. ताईनं ऐकलं नाही.

आता कचेरीला कोर्टात उत्तर द्यायचं होतं. साहेबानं मसुदा लिहिला: या कार्यालयात टंकलेखकाचं पद नाही, त्याची गरजही नाही. लिहिला खरा, पण टाइप कोण करणार? अख्ख्या कचेरीत टायपिंग येणारी एकटी ताई. त्या महाभागानं तो कागद खुशाल तिच्याच टेबलावर पाठवला! वर चपराशाकडून निरोप, "साहेब म्हणते, अर्जंट हाय."

"अन् तू करून देल्ला?" मी ओरडलो.

"नसता केला तं काम करत नाही म्हणून हाकललं असतं ना गा मले."

कोर्टात आमच्या वकिलांनी एवढंच सांगितलं, की हे उत्तर माझ्या अशिलानंच टाइप केलंय. हशा पिकला. साहेब मागच्या बाकावर रुमालानं मान पुसत बसले. मला असा आनंद झाला म्हणता! हुकूमही झाला: जागा आहे, ती रीतसर भरा. मी मोहल्लाभर पेढे वाटले.

कोणाला घेऊन भरा, ते हुकमात नव्हतं. कचेरीनं लगोलग जाहिरात काढली. रीतसर! पण केस चालता चालता ताईचं वय उलटून गेलेलं. वयाची सवलत मागितली, तर साहेब म्हणे, नियमात बसत नाही. जन्मभर नियमांची वाट लावणारा माणूस, आता आम्हाला नियम शिकवतो!

नवी मुलगी आली, विशीतली. ताईला सांगितलं, आठवडाभर हिला काम शिकवा, मग येऊ नका. आणि ताईनं शिकवलं.

शेवटच्या दिवशी ती घरी आली तेव्हा मी भडकलोच. "काहून शिकवलं वं ताई? बोंबलू द्यायचं होतं त्यायले!"

ताई चपला काढत होती. "त्या पोरीनं माझं काय वाईट केलं गा?" ती म्हणाली. "पहिल्या दिवशी माझ्यासमोरच तिनं बाजूच्या क्लार्कले विचारलं, माझ्याआधी इथं कोण होतं? तो म्हणाला, कोणीच नाही. जागा नवीन हाय."