नकाशात जोडलेली वाट

वसुधा हसबनीस भित्री होती. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, कारण पुढे तिच्या ऑफिसातले काही लोक तिला मोठी धीराची बाई म्हणायला लागले, आणि ते साफ खोटं आहे. रस्ता ओलांडताना ती तीनदा पुढे व्हायची आणि चारदा मागे यायची. कुत्र्यांना भ्यायची, स्टोव्हला भ्यायची, साहेबांच्या टेबलावरची घंटी वाजली की ती आपल्यासाठीच वाजली असं समजून पदर सावरत उठायची. मिरजेची मुलगी, एकोणसत्तर साली लग्न होऊन लखनौला आली. नवरा मधुकर चारबागला रेल्वेच्या इंजिनियरिंग ऑफिसात. तो म्हणायचा, "अगं, तू सब्जीवाल्याकडे कोथिंबीर मागतेस तीसुद्धा माफी मागितल्यासारखी."

हात मात्र तिचा सोन्यासारखा. शाळेत असताना ड्रॉइंगच्या दोन्ही परीक्षा पहिल्या वर्गात पास झाली होती. त्या जोरावर मातीची पाहणी करणाऱ्या एका सरकारी खात्यात ट्रेसरची नोकरी मिळाली. सर्व्हेची माणसं रानोमाळ हिंडून पेन्सिलीने कच्चा नकाशा काढून आणणार. हिने त्यावर ट्रेसिंगचं कापड पसरायचं, चारी कोपरे पिनांनी ठोकायचे आणि शाईने गिरवायचं. ट्रेसरचा नियम एकच. खाली दिसेल तेवढंच वर उतरवायचं, पदरचं काही घालायचं नाही.

तो नियम वसुधाने नोकरीत एकदाच मोडला. शहात्तरच्या मे महिन्यात. मोहनलालगंजच्या पुढच्या ऊसराचा नकाशा होता. ऊसर म्हणजे आपल्याकडची चोपण जमीन. मैलच्या मैल पांढरी, वर खारीचा थर, गवताची काडी उगवायची नाही. त्या नकाशावर, गिरवायचं अजून थोडं राहिलेलं असताना, कापड उचलून खाली बघता बघता वसुधाच्या कोपराने शाईची बाटली कलंडली. कच्च्या कागदावर अंगठ्याएवढा डाग पडला, आणि त्या डागाखाली बैलगाडीची एक वाट गेली. डागाच्या अलीकडे वाट दिसत होती, पलीकडेही दिसत होती. मधे काय होतं ते सर्व्हेयरला विचारता आलं असतं, पण त्याची झाशीला बदली झालेली. पत्र पाठवायचं तर हेड ड्राफ्ट्समनला सांगायला हवं, म्हणजे शाई सांडल्याचं कबूल करायला हवं. तेवढं तिच्याने होईना. दोन दिवस तिने कागद झाकून ठेवला. तिसऱ्या दिवशी दोन टोकं जोडून टाकली, अगदी सुबक, जराशी वळणदार. कोपऱ्यात 'ट्रेस्ड बाय' पुढे सही केली आणि डागाळलेला कागद गठ्ठ्याच्या तळाशी सरकवला.

नकाशा छापून आला तेव्हा तिने तो डागाळलेला कागद काढून उजेडासमोर भिंगाखाली पाहिला. शाईआड पेन्सिलीने काढलेला छोटासा ताल होता. पावसाळ्यात भरणारं आणि मग आटणारं उथळ तळं. आणि हिची वाट त्या तळ्याच्या पोटातून गेली होती.

सात वर्षं कुणाला कळलं नाही. कळणार कसं? ऊसरात पाहुण्यांना न्यायचं तर मोजणीची साखळी ओढणारा रमाकांत नावाचा म्हातारा चेनमन पुढे चालायचा, आणि त्याला नकाशा वाचता येत नव्हता. तो आपल्या डोळ्यांनी नेई, तालाला लांबून वळसा घालून. पण वसुधाला त्या रेघेने सुखाने झोपू दिलं नाही. वर्तमानपत्रात कुठे बैलगाडी चिखलात रुतली असं वाचलं की ती आधी गावाचं नाव शोधायची.

ब्याऐंशीत रमाकांत रिटायर झाला. त्र्याऐंशीच्या फेब्रुवारीत नवे साहेब आले. सतीश सक्सेना, तिशीतला उत्साही माणूस. त्यांच्या मनात आलं की ड्रॉइंग सेक्शनने वर्षानुवर्षं जे ऊसर कागदावर काढलं ते एकदा डोळ्यांनी पाहावं. रविवारी खात्याची मेटॅडोर, सोबत घरची मंडळी, पूरी-सब्जी, आणि गाइड स्वतः साहेब. वसुधाने डोकेदुखीचं निमित्त काढून पाहिलं. पण अकरा वर्षांच्या नयनाने घर डोक्यावर घेतलं. "मम्मी, सब जा रहे हैं, हम क्यों नहीं?" मधुकरची ड्यूटी होती. तो म्हणाला, "जा की. दिवसभराचा तर प्रश्न. वाघ आहे का तिकडे?"

सकाळी इंदिरा नगरातून निघाले. नयनाने ड्रायव्हर यमुना प्रसादला लाडीगोडी लावून पुढची सीट पटकावली. वसुधा मागे, खिडकीशी. मोहनलालगंज सुटलं, गव्हाची हिरवी शेतं संपली आणि एकदम सगळं पांढरं झालं. झाड नाही, पाखरू नाही. जमीन कुठे संपते आणि आभाळ कुठे सुरू होतं ते उन्हात कळेना. सक्सेना साहेब ड्रायव्हरच्या पाठीमागच्या बाकावरून मागे वळून समजावत होते: ही वरची पांढरी भुकटी म्हणजे रेह, धोबी कपडे धुवायला नेतात; नहर, म्हणजे कालवा, आल्यापासून जमिनीखालचं पाणी वर चढलंय, त्यामुळे वरून कोरडं दिसतं पण आत काय असेल सांगता येत नाही. लोक माना डोलवत होते. वसुधाने मात्र ते शेवटचं वाक्य ऐकलं आणि खिडकीतून वाकून चाकांकडे पाहिलं.

मग साहेबांनी मांडीवर नकाशा उघडला. तिचा नकाशा.

"रमाकांत सबको छह मील घुमाके ले जाता था," ते म्हणाले. "अनपढ़ आदमी. हम सीधे निकलेंगे. रास्ता बना हुआ है, यह देखिए. हसबनीस मैडम का काम है, इतना साफ़ नक्शा पूरे डिपार्टमेंट में नहीं."

सगळ्यांनी कौतुकाने मागे पाहिलं. वसुधा हसली. हसली, म्हणजे ओठ ताणले. आता सांगायचं, आत्ताच, असं तिने स्वतःला बजावलं आणि तोंड उघडलं. "सर, जमीन मऊ असली तर? म्हणजे, घूमके गए तो अच्छा नहीं होगा?"

"अपने ही नक्शे पर भरोसा नहीं, मैडम?" साहेब हसले, बाकीचेही हसले.

बाईने गप्प राहावं? पण राहिली खरी. नोकरी जाईल, चौकशी बसेल, मधुकरला कसं सांगू, हे सगळे सात वर्षांचे जुने प्रश्न पुन्हा तिच्या छातीवर येऊन बसले. पुढे नयना यमुना प्रसादला गिअर कसा टाकतात ते विचारत होती.

तालाच्या काठाशी यमुना प्रसादने गाडी थांबवली. समोर दोनेकशे पावलं सपाट, पांढरं, कोरडं ठणठणीत. पलीकडे मातीचा उंच बांध. "साहब, आगे चाक का निशान नहीं है," तो म्हणाला. साहेबांनी नकाशावर बोट ठेवून दाखवलं. यमुना प्रसादने मान खाजवली.

"मी आधी चालून बघते," वसुधा म्हणाली. तिचा आवाज तिलाच परका वाटला. तिचा हिशोब सरळ होता. पाय रुतला की सगळ्यांना दिसेल, गाडी मागे फिरेल, आणि तिला काहीच सांगावं लागणार नाही. उतरताना तिच्या मनात आलं, नयनाला खाली घ्यावं. हात पुढेसुद्धा झाला. पण पोरीला का उतरवता म्हणून विचारलं तर काय सांगणार? हात तिने पदराकडे नेला.

ती चालू लागली. पायाखाली थर पापडासारखा मोडत होता. पाच पावलं, दहा पावलं. प्रत्येक पावलाला ती मनातल्या मनात म्हणत होती, रुत, रुत एकदाची. मध्यावर जमीन हलली. फुटली नाही, नुसती खालून झुलली. परत फिरायचंसुद्धा भान राहिलं नाही; ती तशीच पुढे गेली आणि बांधावर चढली तेव्हा तिच्या चपलांना फक्त पांढरी भुकटी लागली होती.

पलीकडून टाळ्या ऐकू आल्या.

तिने वळून पाहिलं. सक्सेना साहेब हात हलवत होते. बघा, मॅडम चालून गेल्या. गाडी सुरू झाली. आणि तेव्हा वसुधाच्या डोक्यात उजेड पडला की तिचं वजन पंचेचाळीस किलो होतं, आणि गाडीत चौदा माणसं होती. जमीन कच्ची आहे हे दाखवायला निघालेल्या बाईने ती पक्की असल्याचंच सगळ्यांना दाखवून दिलं होतं. पुढच्या काचेत नयनाचा हात तिला हलताना दिसला.

ती ओरडली. इंजिनापुढे आवाज पोचेना. मग ती बांधावरून खाली उतरली आणि गाडीच्या दिशेने पळत सुटली, त्याच झुलणाऱ्या जमिनीवरून, साडी गुडघ्यापर्यंत खोचून. "रोको! रास्ता नहीं है! नक्शा झूठा है! मैंने बनाया है, अपने मन से बनाया है!" हिंदी, मराठी, काय वाट्टेल ते. "यमुना भैया, नयना आहे आत, थांबवा हो!"

साहेब चालवत राहा म्हणून खुणावत होते. यमुना प्रसादने त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्याने ब्रेक दाबला, पण तोवर पुढची चाकं थराच्या आत गेली होती. गाडी नाकावर वाकली. काळा चिखल बाजूंनी वर आला, आणि आत एकच गोंधळ उडाला. मागचं दार उघडून माणसं मागच्या मागे काठाकडे पळाली. पुढची दोन्ही दारं चिखलाने दाबून बसली होती. नयना पुढे अडकलेली. यमुना प्रसादने तिला उचलून सीटवरून मागे लोटलं, तिचा एक पाय खिडकीतून आलेल्या चिखलात मांडीपर्यंत गेला, चप्पल आतच राहिली, आणि मग कुणीतरी दंड धरून तिला ओढून काढली. वसुधा हे सगळं पंधरा पावलांवरून बघत होती. तिला पुढे जाता येईना. तिचेच पाय आता घोट्यापर्यंत खाली गेले होते, आणि त्या दोन-तीन मिनिटांत ती जितकी भ्याली तितकी त्याआधी आयुष्यात कधी भ्याली नव्हती. नयना काठावर उभी राहिलेली दिसली, तेव्हा ती खाली बसली आणि हातापायांवर रांगत तालाच्या कडेकडेने बाहेर आली.

घटकाभरात गाडी पुढच्या काचेपर्यंत बुडाली. दुसऱ्या दिवशी गावातल्या दोन ट्रॅक्टरांनी काढली.

सगळे पायी गावाकडे निघाले. वसुधाशी कुणी बोललं नाही. सक्सेना साहेब नकाशाची गुंडाळी काखेत धरून सर्वांत पुढे, मान खाली. फक्त यमुना प्रसाद जरा मागे राहिला आणि म्हणाला, "बहनजी, आपने बोल दिया, अच्छा किया." तिला रडू आलं नाही, याचंच तिला नवल वाटलं.

पुढचं सगळं रीतसर झालं. मेमो आला. तिने खरं ते लिहून दिलं, शाईच्या बाटलीपासून. बढती अडकली, नोकरी राहिली. नकाशाची ती पट्टी तिच्याकडूनच नव्याने काढून घेतली, आणि त्या वेळी साहेबांनी म्हाताऱ्या रमाकांतला घरून बोलावून तिच्या शेजारी बसवलं. सात वर्षं जिची धास्ती घेतली होती ती शिक्षा एवढीच निघाली. ऑफिसात गोष्ट फिरता फिरता अशी झाली की हसबनीस मॅडम जिवावर उदार होऊन धावल्या. तिने दोनदा सांगून पाहिलं की तसं नाही. मग सोडून दिलं.

पण तो रविवार अजून संपला नव्हता. संध्याकाळी घरी पोचल्यावर ती नयनाला न्हाणीघरात घेऊन गेली. पायावरचा चिखल वाळून पांढरा झाला होता, त्याने कातडी चरचरत होती. वसुधा पाटावर बसून तांब्याने पाणी घालत होती, हलक्या हाताने चोळत होती. मधुकर अजून आला नव्हता.

"मम्मी, तुम्हें पता था?"

"काय?"

"कि रास्ता नहीं है."

"हो," वसुधा म्हणाली.

"गाड़ी में बैठने से पहले से?"

"हो गं."

मग नयनाने विचारलं, रागाने नाही, नीट समजून घ्यायचं म्हणून विचारावं तसं: "तो जब तुम उतरीं, मुझे क्यों नहीं उतारा?"

सांगण्यासारखं बरंच होतं. मी धावले ना, ओरडले ना, सगळ्यांसमोर कबूल केलं ना. वसुधाने तांब्या बादलीत बुडवला, भरला, आणि तसाच धरून बसली.

नयनाने तिच्या हातातून तांब्या घेतला आणि वाकून आपले पाय आपणच धुवायला लागली.