वरची ओळ

माझी लेक रत्नम्मा नापास व्हायची पोरच न्हाई. हे मी निलंग्याच्या बसस्टँडवर सांगितलं, पाण्याच्या टँकरपाशी सांगितलं, अन् विद्यापीठाच्या कारकुनाला तर तोंडावर सांगितलं. दोन सालं पाऊस न्हाई. पहाटं घागरी आणून पोरगी बी.ए.चा अभ्यास करायची. अन् इतिहासात एकोणतीस? फेरतपासणीची अर्जी दिली. वर्ष उलटलं तरी एकच, "चौकशी चालू हाय." कसली चौकशी? दरोडा घातला होता व्हय तिनं?

लातूर नवा जिल्हा झालेला. नव्या कचेऱ्या, रिकाम्या खुर्च्या. रत्नम्माला तिथं कारकुनीची जागा मिळत होती, पण पास झाल्याचा कागद सोमवारी पाचच्या आत पायजे होता. पंचाक्षरी वकिलांनी लातूरच्याच कोर्टात विद्यापीठावर दावा लावलेला. तारीख बी त्याच सोमवारची पडली.

चार वाजता आमचा पुकारा झाला. विद्यापीठाच्या माणसानं सीलबंद पाकीट जजसाहेबांपुढं ठेवलं. रत्नम्माचा पेपर बाहेर निघाला तशी मी मान उंच केली.

मला वाचता येत न्हाई. उभ्या जन्मात एकच ओळ येते, 'श्री गुरुबसवलिंगाय नमः'. मीच ती रत्नम्माला पाटीवर गिरवून दिली. कोऱ्या कागदावर आधी ही, मग दुसरं. इसरली की पाठीत धपाटा. अन् त्या पेपरावर, सगळ्यात वर, ठळक अक्षरात तीच ओळ!

"फेरतपासणीत त्रेचाळीस मार्क पडलेत, साहेब," तो माणूस म्हणला. "पण पेपरावर देवाचं नाव लिहिणं म्हणजे तपासणाऱ्याला ओळख पटवायची खूण. म्हणून निकाल अडकवून ठेवला."

वर्षभर सगळ्या दुनियेला शिव्या घालत राहिले, अन् खूण माझ्याच हातची! रत्नम्मानं माझा हात घट्ट धरला. तसं मला रडूच फुटलं.

जजसाहेबांनी चष्मा काढला. "त्या भागात ही ओळ घरोघर लिहितात. हिच्यावरून एक मुलगी कशी ओळखायची? आणि अडकवलंत, तर वर्षभरात तिला साधं पत्र का नाही?"

माणूस पाकिटातले कागद चाळायला लागला.

"पास झाल्याचं आत्ता, इथंच लिहून द्या."

कागद हातात पडला तवा पाचाला वीस कमी. आम्ही पळत सुटलो. माझी चप्पल तुटली; तिथंच टाकली, मरू दे म्हणलं.

कागद बघून कचेरीच्या खिडकीतनं कारकुनानं फॉर्म दिला. "लवकर भरा बाई, बंद करायची वेळ झाली." रत्नम्मानं पेन टेकवलं अन् हात कागदाच्या वरच्या कोपऱ्यात थांबला. तिनं माझ्याकडं बघितलं.

"अव्वा, लिहू का?"

त्या नावाबिगर ह्या पोरीला मी कधी कागदाला हात लावू दिला न्हवता.

"मनात म्हण, माय," मी म्हणले. "वरची जागा कोरी ठेव."

ती खाली मान घालून आपलं नाव लिहायला लागली. मी भिंतीकडं तोंड केलं, अन् शिक्का बसल्याचा आवाज येईपत्तर तिच्या वाट्याची ओळ मीच म्हणत राहिले.