टिक होतं, पण पंखा फिरत नाही

आमच्या गाडीला कोणी भंगार म्हटलं की माझं डोकं फिरतं. मग समोर मेकॅनिक असो की जावई. गेल्या थंडीत दोघंही एकाच आठवड्यात तसं म्हणाले. मेकॅनिकला मी चहा न देता वाटेला लावलं. जावई फोनवर होता, म्हणून वाचला.

गाडी छोटीच आहे, पांढरी, चौदा वर्षांची. यांनी रिटायर व्हायच्या आधी दोन वर्षं घेतली होती. हे म्हणजे माझे यजमान, भिलाईच्या स्टील प्लांटमध्ये इलेक्ट्रिकल मेंटेनन्सला होते. रिटायर झाल्यावर सेक्टरमधलं कंपनीचं क्वार्टर सोडून आम्ही हुडको कॉलनीत राहायला आलो आणि तिथं यांनी मला, चोपन्न वर्षांच्या बाईला, गाडी चालवायला शिकवलं. कोहक्याच्या रस्त्यावर गाय आडवी आली की मी गाडी बंद पाडायची.  हे खिडकीबाहेर पाहत हसू दाबत बसायचे.

"हसून काय राहिले? सांगा ना आता काय करू!" मी ओरडायची.

"मले काय विचारते? गाईले विचार," म्हणायचे.

मागच्या उन्हाळ्यात त्याच रस्त्यावर गाडी तापली. काटा पार वर गेला, बॉनेटमधून वाफ निघाली. यांनी गाडी कडेला घेतली, बॉनेट उघडलं, मला किल्ली फिरवायला सांगितली आणि कान लावून ऐकलं. "टिक होऊन राहिलं, पण पंखा फिरत नाही," म्हणाले. "रिले गेला असन." रिले म्हणजे काड्यापेटीहून लहान अशी एक काळी डबी. पाणी तापलं की ती आतल्या आत टिक करते आणि रेडिएटरच्या पंख्याला करंट देते. तो पंखा फिरला नाही तर इंजिन उकळणारच. गाडी थांबत थांबत कशीबशी घरी आणली.

रविवारी सकाळी बॉनेट उघडून ते कामाला लागले होते. मी दोनदा चहाला हाक मारली. तिसऱ्यांदा बाहेर गेले तर बॉनेट लावलेलं होतं आणि हे पायरीवर छाती धरून बसले होते. शेजाऱ्यांच्या गाडीतून दवाखान्यात नेलं. तिथून ते घरी आले नाहीत. तिसऱ्या दिवशी संपलं सगळं.

नंतर आठ महिने गाडी पोर्चमध्ये उभी होती. मी रोज सकाळी तिची काच पुसायची. ड्रायव्हरची सीट यांच्या लांब पायांच्या हिशेबानं मागे सरकवलेली होती, ती मी पुढे घेतली नाही. कधीकधी दुपारी बाजूच्या सीटवर जाऊन बसायची, नुसती. वेडेपणाच तो, पण घरात दुसरीकडे कुठं ते इतके जवळ वाटत नसत.

मुलगी बंगलोरला असते. तिचं मराठी घरापुरतं, तेही अर्धं हिंदी. "आई, छोड़ ना आता," ती फोनवर म्हणाली, "मेकॅनिक म्हणून राहिला ना, मोटर जल गई, रेडिएटर भी गया. कशाले ठेवते? रसमड्याचा एक माणूस भंगारात घेऊन राहिला, त्याले मी संडेला बोलावलं आहे." मी भांडले. शेवटी तिनं हात टेकले. "ठीक आहे. संडेपर्यंत चालू झाली तं ठेव. नाही झाली तं तो घेऊन जाईल, आणि तू इकडे येशील. प्रॉमिस?"

मी रागाच्या भरात प्रॉमिस म्हटलं आणि फोन ठेवल्यावर कपाळाला हात लावला. गाडी गेली की मग माझी पाळी, हे स्पष्ट होतं. बंगलोरला मुलगी जिवापाड सांभाळेल, नाही म्हणत नाही. पण तिथल्या पंधराव्या मजल्यावर यांचं काय आहे? मला भिलाईतच राहायचं होतं, हुडकोतल्या त्या दोन खोल्यांत, त्या गाडीसकट.

त्या दिवशी गुरुवार होता.

मेकॅनिकनं काय केलं होतं ते मी उभं राहून पाहिलं होतं. बॅटरी चार्ज करून बसवली, गाडी चालू केली, पंखा फिरत नाही म्हटल्यावर मोटरला एक ठोसा मारला आणि निकाल देऊन मोकळा. बॅटरीजवळची ती काळी पेटी, ज्यात सगळे फ्यूज आणि रिले असतात, तिचं झाकणसुद्धा त्यानं उघडलं नाही. यांनी अशा माणसाला डिपार्टमेंटच्या दारात उभं केलं नसतं.

शुक्रवारी जेवण आटोपून मी ओच्यात स्क्रू काढायचा पेचकस घेतला आणि बॉनेट उघडलं. एसी लावला की पंखा लगेच फिरायला पाहिजे, एवढं मला माहीत होतं. पण पंचाईत अशी की किल्ली फिरवायला एक माणूस लागतो आणि कान लावायला दुसरा. इतकी वर्षं स्कूटरपासून गाडीपर्यंत किल्लीची ड्युटी माझी. "लाव" म्हटलं की लावायची, "बंद" म्हटलं की बंद करायची. कणकेचे हात घेऊन मी किती वेळा वैतागले असेन! "तुमच्या कामात मले कावून अडकवता?" असं म्हणायची. आता मीच गाडी चालू करायची, एसी लावायची, उतरून धावत पुढे जायची, वाकून ऐकायची. साठीतल्या बाईचे गुडघे काय म्हणत होते ते सोडा. एकदा तर सीटवर बसून मी चुकून थांबलेच, पुढून "लाव" येईल म्हणून. केवढी वाट पाहत होते मी त्या एका शब्दाची, बाप्पा!

तिसऱ्या खेपेला ऐकू आलं. टिक. पंखा मात्र ढिम्म.

आता यांची एक पद्धत होती. ज्या वस्तूवर संशय आहे ती धडधाकट जागी लावून पाहायची. मिक्सर असो, ट्यूबलाइट असो, हाच कायदा. पेटीच्या झाकणाच्या आतल्या बाजूला छोटी छोटी चित्रं होती. पंखा कुठला, हॉर्न कुठला, ते चष्मा लावून शोधलं. दोघांचे रिले हुबेहूब सारखे. गाडी बंद केली, थंड होऊ दिली, पंख्याचा रिले उपटला आणि हॉर्नच्या जागी बसवला. आत बसून हॉर्न दाबला. पेटीतून बारीक टिक आलं, पण हॉर्न मुका. मग हॉर्नचा मूळ रिले परत लावून दाबला, तर असा भोंगा वाजला की समोरच्या वहिनी लाटणं घेऊन बाहेर आल्या.

"क्या हो गया भाभी?"

"रिले गया!" मी म्हटलं. इतकी खूश मी आठ महिन्यांत झाले नव्हते. मोटर जळली म्हणे! डबी फक्त टिक करत होती, करंट पुढे देत नव्हती. हे ऐकूनच ओळखून गेले होते, आणि त्यांचं बरोबर होतं.

शनिवारी ऑटो करून पार्टच्या दुकानात गेले. पोरसवदा नव्हता दुकानदार, चांगला टकला माणूस, तरी म्हणाला, "माताजी, मिस्त्री को भेज दीजिए." माझ्या अंगाचा तिळपापड झाला. जुना रिले काउंटरवर आपटला आणि म्हटलं, "मिस्त्री मैं ही हूँ." त्यानं मुकाट्यानं रिलेचे चार पाय बघितले, बॅटरीला लावून तपासला, "हाँ, अंदर से जला है" म्हणाला आणि तसाच नवा काढून दिला.

घरी येऊन चपला न काढता तो बसवला. गाडी चालू केली, एसी लावला, धावत पुढे गेले. टिक. खणखणीत टिक.

पंखा फिरला नाही.

एसी बंद करून पुन्हा लावला. रिले काढून पुन्हा दाबून बसवला. काही नाही. गाडी बंद करून मी बॉनेट असं आदळलं की पोर्च हादरला. मग ते छाती धरून बसले होते त्याच पायरीवर बसून रडले. मेकॅनिक खरा होता, मोटर खरंच जळली होती, आणि मी मोठी मिस्त्री निघाले होते. मुलीला फोन लावला, सांगून टाकावं म्हटलं की येऊ दे तुझा माणूस. तिनं उचलला नाही.

पेटीचं झाकण उघडंच राहिलं होतं म्हणून परत बॉनेट उचललं. झाकण लावताना सहज नजर गेली. फ्यूजच्या ओळीत एक घर रिकामं होतं. झाकणावर पाहिलं, तिथं पंख्याचं चित्र होतं.

फ्यूज जळाला असता तर जळका तिथं दिसला असता. घर रिकामं होतं म्हणजे कोणीतरी काढला होता, आणि कोणी काढला हे मला त्याच क्षणी कळलं. 

प्लांटमधल्या इलेक्ट्रिशियनचा हा नेम होता. मोटरला हात घालायचा तर आधी तिचा फ्यूज काढायचा आणि स्वतःच्या खिशात ठेवायचा, म्हणजे आपले हात आत असताना कोणी चुकून चालू करणार नाही. याला ते शटडाऊन म्हणत. ज्यानं घेतला त्यानंच परत करायचा. मधे साहेब आला तरी चालू करायचं नाही. एकदा हे फ्यूज खिशात विसरून घरी आले. पानावर बसले तोच एक हेल्पर सायकल हाणत दारात. "दादा, फ्यूज द्या ना, सगळं थांबून राहिलं तिकडे!" मी म्हटलं, देऊन टाका त्याच्या हाती, वरण थंड होते. "असं नसते वं देता येत," म्हणाले, आणि भरल्या ताटावरून उठून स्वतः गेले. मी दोन दिवस बोलले नव्हते.

गाडीचा पंखा तर किल्ली काढल्यावरही अचानक फिरू शकतो. त्या रविवारी पंख्याजवळ हात घालण्याआधी यांनी फ्यूज काढला असणार. काढून शर्टाच्या खिशात.

शर्ट दवाखान्यानं दिलेल्या पिशवीत होता. ती पिशवी मी कपाटाच्या वर ठेवली होती आणि तिला हात लावला नव्हता. मुलीनं विचारलं तेव्हा टाकून दिली म्हणून खोटं सांगितलं. पिशवी बंद होती तोवर मला वाटायचं की यांचं दवाखान्यातून यायचं अजून बाकी आहे. हे कोणाला सांगणार? लोक म्हणतील, बाईचं डोकं फिरलं.

स्टुलावर चढून पिशवी काढली. गाठ सुटेना, दातानं फाडली. घड्याळ, चष्मा, आणि निळ्या चौकड्यांचा शर्ट, समोरून कापलेला. दवाखान्यात घाईत कापला असणार. खिसा मात्र शाबूत होता. त्यात हिरवा, नखाएवढा फ्यूज होता. मी शर्ट तोंडावर धरला आणि किती वेळ तशी बसले ते मला सांगता येणार नाही.

मग उठले. फ्यूज त्याच्या घरात दाबून बसवला. गाडी चालू केली, एसी लावला. टिक झालं आणि पंखा भर्रकन फिरला. आठ महिन्यांची धूळ सगळी माझ्या तोंडावर उडाली.

तेवढ्यात मुलीचा फोन आला. "आई, हा कशाचा आवाज आहे?"

"आपल्या गाडीचा," मी म्हटलं.

 तिकडून नाक ओढल्याचा आवाज आला. "रख ले आई," ती म्हणाली. "त्याले मी नको येऊ म्हणून सांगते."

फोन ठेवला. जीव भांड्यात पडायला पाहिजे होता. गाडी राहिली, मी राहिले, सगळं मनासारखं झालं. पण यांनी हाती घेतलेलं शेवटचं काम मी संपवून टाकलं होतं. आता त्यांच्या हातचं अर्धवट असं घरात काही उरलं नव्हतं, ज्यासाठी त्यांनी परत यावं.

मी फिरत्या पंख्यासमोर उभी राहिले. "अहो," मी मोठ्यानं म्हटलं, समोरच्या वहिनी ऐकतात की नाही याची पर्वा न करता, "शटडाऊन तुमचा होता. तुमाले न विचारता मी चालू केलं. आता ओरडा ना माझ्यावर. ओरडा ना."