इतवारीनं घेतलेलं एकच चित्र

आमच्या ब्रह्मपुरीकडच्या गावातून सिनेमात गेलेला एकच माणूस, इतवारी. दंडारीत, म्हणजे गावच्या नाचगाण्याच्या नाटकात, तो बायकांची कामं करायचा, आणि खरं सांगायचं तर गावातल्या बायकांपेक्षा बरा दिसायचा. बावन्न साली एक सिनेमा कंपनी चांद्याच्या जंगलात आली. नटी काट्यांतून धावेना. तिच्याऐवजी इतवारी लुगडं नेसून धावला आणि कंपनीबरोबर मुंबईला गेला.

तिथं कॅमेऱ्यात जवळून चेहरा राकट दिसे. मग तो कॅमेऱ्यामागचा मदतनीस झाला. भिंगं पुसायची, अंधारात रीळ भरायचं. गावाला वाटे, उतरला. तो म्हणे, चढलो.

सत्तावन्नच्या उन्हाळ्यात तीच कंपनी पुन्हा आली. त्याची बायको गुणाबाई तोवर क्षयानं खाटेला लागली होती. तिचा साधा फोटोही नव्हता. कॅमेरामनकडून इतवारीनं घडीभर कॅमेरा आणि उरलेला फिल्मचा तुकडा मागून घेतला आणि तिला अंगणात बसवलं.

"काय करू?"

"काई नको करू. माह्याकडं पाह्य."

"एवढा तामझाम, अन् नुसतं पाह्याचं?" ती हसली, खोकली, पुन्हा हसली. तेवढं त्यानं घेतलं.

फिल्म मुंबईला नेऊन धुतल्याशिवाय चित्र उठत नाही. तोवर डबा पट्टी लावून कोठीवर ठेवला आणि तो जंगलात कामावर गेला. मागे वळवाचा पाऊस झाला, छत गळलं. परतला तर मांडवावर, मिरच्यांशेजारी, सबंध फिल्म पसरलेली. न धुतलेल्या फिल्मला ऊन लागलं की संपलं सगळं. त्याची आई सुकरीबाई मात्र खुशीत.

"डबा वल्ला झालता रे. सडली असती गुणा. उलटवून उलटवून सुकवली."

गुणाबाई खाटेवरून बघत होती.

"बेस केलं, माय," इतवारी म्हणाला आणि फिल्म जपून गुंडाळली.

आषाढात गुणाबाई गेली. पुढे तो गावी आला की सुकरीबाई आधी त्याची पिशवी चाचपे.

"आनलास का गुणाले?"

"अजून तयार नाई, माय."

"तेवढ्यात धान लावून, कापून, खाऊन झाला. आळशी हाय तुही मुंबई."

सांगून टाकायला हवं होतं, असं मला आजही वाटतं. तो नाही बोलला. म्हातारी बाजारात सांगत फिरे, "सून मुंबईत हाय. मीच वाचवली." कुणी खरं-खोटं विचारायला इतवारीकडे वळलंच, तर तो मान हलवून हो म्हणे.