आधी माझ्या घरात या

"मग?" एवढं विचारून ती गप्प बसायची. पुढचं बोलणं तुमच्यावर. साऱ्या मराठीतला हा एकच शब्द तिनं उचलला होता आणि तेवढ्यावर तिनं अख्खा मुळशी तालुका बोलता केला. आमच्या सरपंचांच्या तोंडून तर तिनं त्यांच्या पहिल्या, मोडलेल्या सोयरिकीची गोष्ट काढली. वहिनी आतून ऐकत होत्या. पुढचं तुम्हीच समजा.

बाई जर्मनीची. तिथल्या समाजावर माहितीपट काढायची. भाऊ पुण्यात इंजिनियर, त्याच्याकडे आली होती. धरणात बुडालेल्या गावांचं कानावर आलं आणि साठ सालानंतरच्या एका उन्हाळ्यात ती कॅमेरा घेऊन इकडे उगवली. मी शाळेत इंग्रजी शिकवायचो, म्हणून दुभाष्या झालो.

उन्हाळ्यात पाणी उतरलं की बुडालेली जोती उघडी पडत. म्हातारी माणसं चिखलातून जाऊन आपापल्या जुन्या उंबऱ्यावर भाकरीचा नैवेद्य ठेवत. बाईला ते टिपायचं होतं. पण तिची एक रीत होती. ज्यांना टिपायचं, त्यांना आधी आपला माहितीपट दाखवायचा. म्हणायची, "मला तुमच्या घरात शिरायचंय, तर आधी तुम्ही माझ्या घरात या."

खेळ झाला धरणाच्या बंगल्यात. ज्यांच्या शेतांवर धरण झालं त्यांच्याकडे वीज नव्हती, बंगल्यात होती. पडदा म्हणजे माझं लग्नातलं धोतर!

धोतरावर तिचंच गाव उमटलं. युद्धात तिथल्या ज्यू कुटुंबांना पकडून नेलं होतं. ती परतली नाहीत आणि त्यांच्या घरांत दुसरेच राहायला गेले. बाई एकेक दार वाजवून विचारत होती, इथे आधी कोण राहायचं? दारं मिटत होती. सुरुवातीला मी नाटकातल्यासारखा आवाज चढवून सांगत होतो. नंतर तो आपोआप खाली आला.

दिवे लागले. ठकूआजीनं पदर सावरला. तिचं घर धरणात गेलं होतं.

"मास्तर, इचारा तिला. तिच्या सोताच्या घरात आदी कोन ऱ्हात हुतं?"

"आजी, पाहुणी आहे ती."

"दुसऱ्याचं दार वाजिवती न्हवं? इचारा!"

विचारलं. बाई कोऱ्या धोतराकडे बघत म्हणाली,

"माहीत नाही. घर वडिलांनी युद्धातच घेतलं. मी कधी विचारलं नाही. विचारलं, तर ते मला पुन्हा दारात उभं करणार नाहीत."

मी मराठीत सांगितलं. आजीनं तिच्याकडे रोखून पाहिलं.

"मंग?"

आणि गप्प बसली.

त्याच आठवड्यात बाई निघाली. कॅमेरा पेटीतून काढलाच नाही. "आधी माझं दार," एवढंच मला म्हणाली. पुन्हा आली नाही. तिनं विचारलं का, वडिलांनी काय केलं, काही कळलं नाही.

पुढच्या उन्हाळ्यात पाणी उतरलं तेव्हा आजीबरोबर मीही गेलो. तिनं उंबऱ्यावर भाकरी ठेवली, हात जोडले. मग फडक्यातून आणखी एक भाकरी काढून शेजारी ठेवली.

"ही कुणाची, आजी?"

"बाईच्या घरातल्या आदीच्या मानसांची," ती म्हणाली. "त्येंचा उंबरा लई लांब हाय. हितंच ठिवली."